तुला दक्षिणेच्या भिंतीशी पुरलं आहे

संत ल्यूकचा दिवस, एल्डरहाइथ

ऑर्डमर,

आशीर्वाद शेवटी लिहीन, तोवर राग ओसरला तर.

तुझं पत्र उन्हाळ्यात, गवताच्या कापणीच्या दिवसांत पोचलं. जेरुसलेमहून परतलेला एक यात्रेकरू देऊन गेला. दोन वेळा जेवला आणि जाताना माझी चांगली घोंगडी घेऊन गेला. अकरा वर्षांनी पत्र, आणि त्यात पाच ओळी. तू काय लिहिलंस ते तुलाही आठवावं म्हणून इथे उतरवते: 'ताई, मी जिवंत आहे. इथे सम्राटाच्या दारावर कुऱ्हाड घेऊन पहारा देतो. आपल्याकडचे पुष्कळ लोक आहेत. पुढच्या ईस्टरनंतर निघतो, घरी येतो. मागच्या अंगणातली नासपती अजून फळते का?'

जिवंत आहेस हे पहिल्याच ओळीत सांगितलंस ते बरं केलंस. पुढच्या चार ओळींत तुझ्याशिवाय कोणी नाही. आई गेल्यावर जिने तुला अंगाखांद्यावर वाढवलं त्या तेटा मावशीचं नाव नाही. तुझ्याबरोबर बेटावर फ्रेंचांशी लढलेल्या ग्रिमचं नाव नाही. मी कशी आहे हा प्रश्न नाही. चौकशी काय ती एका झाडाची.

तरी मावशीला मी ते पत्र वाचून दाखवलं. तिला आता फक्त उजेड आणि अंधार एवढंच कळतं. तिने मला ते सात वेळा वाचायला लावलं, आणि 'घरी येतो' ही ओळ आली की दर वेळी माझा हात दाबायची. 'वुल्फरून, कोणाला सांगू नकोस गं, दृष्ट लागेल,' म्हणाली. म्हणून मी कोणाला सांगितलं नाही.

माझं म्हणशील तर मी आता मठात नाही. सातव्या वर्षी शिकायला गेले, पुढे तिथेच तीस वर्षं मुलींना अक्षरं, स्तोत्रं आणि टाके शिकवले. मग समुद्रापलीकडून नवी मठप्रमुख आली. तिने मला बोलावलं आणि म्हणाली, 'बाई, तुम्ही थकला आहात.' मी म्हटलं, 'मी थकलेली नाही.' ती पुन्हा म्हणाली, 'तुम्ही थकला आहात.' पहिल्यांदा मला कळलं नव्हतं, दुसऱ्यांदा कळलं. निरोपाला एक स्तोत्रांचं पुस्तक मिळालं, त्याची मागची पानं उंदरांनी खाल्लेली. शिवाय कपाटातल्या चर्मपत्राच्या कातरणी मी न विचारता घेतल्या. त्यांच्यावरच हे लिहिते आहे, म्हणून ओळी वाकड्या दिसतील.

गावात सगळं ठीक आहे. वाम माशांचा हंगाम सुरू झाला, टोपल्या भरून येतात. आज विशेष काही घडलं नाही.

ग्रिम दारात उभा आहे. उरलेलं नंतर.

*

त्यानंतर दोन दिवसांनी

परवा मी तुला खोटं लिहिलं. सवय होते आहे.

त्या दिवशी सकाळीच लुडाला वामींच्या टोपलीखाली माणूस सापडला होता. लुडा म्हणजे ग्रिमचा जावई, तू गेलास तेव्हा शेंबडा होता. टोपली जड लागली म्हणून हसत हसत ओढायला गेला आणि हात वर आला. जुन्या बांधाच्या खाली, जिथे लव्हाळे दाट आहेत, तिथे. तीनेक आठवडे पाण्यात असावा. चेहरा राहिलेला नाही. अंगावर नुसता सदरा होता. पट्टा नाही, जोडे नाहीत, हत्यार नाही.

ग्रिम आता गावाचा कारभारी आहे. तो दारात उभा राहून म्हणाला, "बाई, जरा येता का. तुम्हाला शिवणातलं कळतं. सदरा बघायचाय."

मी गेले. बघितला. आपल्याकडे बाहीचा जोड असा घालत नाहीत. गळपट्टी तीनदा दुरुस्त केलेली होती, तिसऱ्यांदा अशा हाताने की ज्याला नीट दिसत नसावं. टाके एकावर एक चढले होते. मग ग्रिमने मला डोक्याची मागची बाजू दाखवली. मानेपासून कानाच्या वरपर्यंत वस्तऱ्याने साफ.

डोकं मागून असं कोण भादरून घेतं, ते तुला सांगायला नको.

"फ्रेंच," मी म्हटलं.

"हळू बोला."

"कोणी मारला?"

"आपल्यातलं कोणी नाही. दारू पिऊन बांधावरून गेला असेल. धुकं होतं."

"नक्की?"

"बाई, मी सांगतो ना."

मी दुसऱ्यांदा विचारलं नाही. तूही विचारू नकोस.

तू गेल्यानंतर आलेला फ्रेंच राजाचा हा कायदा तुला ठाऊक नसेल. परगण्यात कुठेही माणूस मेलेला सापडला की तो फ्रेंचच आहे असं धरून चालायचं. कसा मेला हे विचारायचं नाही. आठ दिवसांत मारणारा हजर करा, नाहीतर सगळ्या परगण्याने दंड भरा. दंड एवढा की तो कोणी भरूच शकत नाही, म्हणून ते वस्तू नेतात. गेल्या वर्षी खाडीपलीकडच्या गावावर ही पाळी आली. होड्या नेल्या, जाळी नेली, टोपल्यासुद्धा नेल्या. दलदलीतल्या माणसाची होडी नेली म्हणजे त्याचे पायच नेले. तिथे हिवाळ्यानंतर चूल पेटलेली घरं मी स्वतः जाऊन पाहिली. चार होती.

सुटायला दार एकच आहे. मेलेल्याच्या रक्ताच्या माणसांनी, बापाकडून एक आणि आईकडून एक, संतांच्या अस्थींवर हात ठेवून सांगायचं: हा आमचा, हा इंग्रज. तेवढं झालं की कारकून घोड्यावर बसून परत जातो. इंग्रज मेला तर कोणाचं काही बिघडलं नाही. आपला माणूस कवडीमोलाचा आहे हे त्यांनी नुसतं ठरवलं नाही, ते आपल्याला शपथेवर सिद्ध करायला लावतात. मी उभं आयुष्य पोरींना लॅटिन शिकवलं, पण या प्रकाराला शोभेल असा शब्द मला त्या भाषेतही सापडत नाही.

आठातले तीन दिवस गेले.

*

रविवार

ग्रिम काल प्रार्थना आटोपल्यावर आला. बसला नाही. तो दुसऱ्याच्या घरात बसत नाही. बसलं की लोक काहीतरी खायला देतात आणि मग डाव्या हाताने खावं लागतं. उजवा हात बेट फ्रेंचांच्या हाती पडलं त्या दिवशी त्यांनी मनगटापासून तोडला, हे तुला ठाऊक आहे की नाही मला माहीत नाही. तू तेव्हा तिथे नव्हतास.

म्हणाला, "बाई, नाव पाहिजे. असा माणूस, जो इथला आहे, नाहीसा झालाय, परत येणार नाही. आणि ज्याचं बापाकडचं आणि आईकडचं, दोन्ही माणूस गावात जिवंत आहे."

"मग आहे कोण असा?"

तो चुलीकडे बघत राहिला. मला कळलं. कळलं तरी मी त्याला बोलायला लावलं.

"ऑर्डमर," तो म्हणाला. "बापाकडून तुम्ही. आईकडून तेटा मावशी. आणि त्यांच्या यादीत तो अजून बंडखोर म्हणून आहे. बंडखोर मेला म्हटल्यावर कारकून खूश होईल, खोलात जाणार नाही."

तेव्हा मी मावशीला दिलेला शब्द मोडला. "ग्रिम, तो जिवंत आहे. त्याचं पत्र आलंय. पुढच्या वर्षी येतोय."

ग्रिमने चुलीवरून नजर वर केली. मला वाटलं आनंदाने. मग म्हणाला, "कुठे होता?"

मी सांगितलं.

"सम्राटाचं सोन्याचं कडं घालून येईल तर," तो म्हणाला. "येऊ दे. होड्या नसलेल्या गावात येऊ दे."

मी चिडले. तू माझा एकुलता एक भाऊ, आणि हा माझ्याच घरात उभा राहून मला टोमणे मारतो. मी म्हटलं, "त्याचा काय दोष? तो सुटला, तुम्ही नाही सुटलात. होडीत जागा नव्हती."

"कोण म्हणालं?"

"तोच. मठात आला होता तेव्हा. तीन दिवस मी त्याला हातमागांच्या खोलीत कापडाच्या गठ्ठ्यांआड लपवला होता."

ग्रिम हसला. तो हसतो तेव्हा त्याच्या तोंडात किती कमी दात उरलेत ते दिसतं. "बाई, ती सहा जणांची होडी होती. लुडाच्या बापाची. आम्ही पाच जण लव्हाळ्यांत कमरेइतक्या पाण्यात उभे होतो. तो म्हणाला, मी पुढे जाऊन वाट मोकळी आहे का बघतो, मग तुम्हाला न्यायला येतो. आम्ही पहाटेपर्यंत उभे होतो. पहाटे तो आला नाही, ते आले."

त्या पाचांतला एकटा ग्रिम जिवंत आहे. दोघांचे डोळे काढले, ते त्याच हिवाळ्यात गेले. लुडाचा बाप बेटावरच गेला. पाचवा कोण हे मी विचारलं नाही.

"अकरा वर्षं मला का नाही सांगितलंस?"

"सांगून काय? दारूच्या गुत्त्यात पोरं त्याच्यावर गाणी म्हणतात. ऑर्डमरने एकट्याने बांध धरला, ऑर्डमरने मोडक्या वल्ह्याने बारा घोडेस्वार पाण्यात लोटले. मीही म्हणतो त्यांच्याबरोबर. पोरांना काहीतरी पाहिजे ना. माझा हात दाखवून काय गाणं होणार?"

तो गेल्यावर मी तुझं पत्र पुन्हा काढलं. आपल्याकडचे पुष्कळ लोक आहेत, असं लिहिलंयस. इथेही होते.

*

संत क्रिस्पिनचा दिवस

आज झालं. सगळं सांगते, कारण हे दुसऱ्या कोणाला सांगता येणार नाही.

आधी मावशीचं. मी ठरवलं होतं की तिला खरं सांगायचं: हा परका माणूस आहे, गावासाठी शपथ घ्यायची आहे. ग्रिमने अडवलं. "तिला खोटं बोलता येतं का?" म्हणाला. मी म्हटलं, "नाही." म्हातारीने जन्मात एकदा खोटं बोलायचा प्रयत्न केला होता, तू पाद्र्याचा हंस पळवलास तेव्हा. पाद्र्याने विचारण्याआधीच तिने त्याला त्याच हंसाचं मटण वाढलं. "मग तिला खरंच वाटू दे," ग्रिम म्हणाला.

मी वाटू दिलं. सकाळी तिच्याजवळ बसले आणि म्हणाले, "मावशी, ऑर्डमर सापडलाय." तेवढंच. बाकीचं तिचं तिनेच केलं. ती म्हणाली, "तो लवकर निघाला गं. ईस्टरपर्यंत धीर धरला नाही त्याने. लहानपणापासून तसाच. बांध आता खचलाय हे त्याला कोणी सांगितलं नाही." मग उठली, हाताने चाचपत मागच्या अंगणात गेली आणि एप्रनच्या खिशात काहीतरी घालून आली.

चर्चच्या दारात फळीवर तो ठेवला होता. मी त्याला आदल्या दिवशी बायकांबरोबर धुतला होता आणि डोकं कपाळापासून मानेपर्यंत तागाच्या पट्टीने गुंडाळलं होतं. पट्टी मीच शिवून घट्ट केली. टाका असा घातला की कात्रीशिवाय सुटणार नाही. मठातल्या शिक्षणाचा शेवटी हा उपयोग झाला.

कारकून आला. नाव ओस्बेर, चाळिशीचा, नाकाला सर्दी. बरोबर दोन शिपाई. त्याला आपल्या भाषेतलं 'भाकर' आणि 'चल' एवढंच येतं. मी त्याच्या भाषेत बोलले तेव्हा त्याने माझ्याकडे बोलणाऱ्या गाढवाकडे बघावं तसं बघितलं.

मी हात ठेवला. शपथ घेतली. माझा भाऊ, त्याच बापाचा, त्याच आईचा, जन्माने इंग्रज. आवाज कापला नाही. जड गेलं असं तुला लिहायला मला आवडलं असतं.

मग मावशी. मी तिचा हात धरून फळीपाशी नेला. तिने गुडघे टेकले आणि त्याला चाचपायला लागली. खांदे, दंड, बोटं एक एक करून. पट्टीवरून कान चाचपले. "कान मोठेच होते बाळाचे," म्हणाली. मग हात मानेमागे गेला आणि पट्टीच्या खाली शिरला. "वुल्फरून, मागचे केस कुठे गेले गं?"

सगळा गाव भोवती उभा होता. ग्रिम जमिनीकडे बघत होता.

"वामींनी खाल्ले, मावशी."

"अस्सं," ती म्हणाली. आणि मग जी रडायला लागली, ऑर्डमर, तो आवाज मी तुला लिहून पाठवू शकत नाही. तिला शपथेचे शब्द मी एकेक करून सांगितले आणि तिने ते रडत रडत म्हटले. शिपायांपैकी एकाने टोपी काढली.

इथे संपायला हवं होतं. पण ओस्बेरने यादी काढली आणि नाव शोधलं. चेहरा उजळला. मला म्हणाला, "म्हातारे, हा तर बेटावरचा ऑर्डमर. याचं डोकं गढीच्या दारावर लागायला पाहिजे. कापा."

डोकं म्हणजे पट्टी सुटणार. पट्टी सुटली म्हणजे मान दिसणार. मान दिसली म्हणजे होड्या राहिल्या बाजूला, शपथा घेणाऱ्या दोघी आणि कारभारी, तिघांचे गळे जाणार. शिपायाने कुऱ्हाड हातात घेतलीसुद्धा.

मावशीने माझी बाही ओढली. "काय म्हणतात गं साहेब?"

मी म्हटलं, "म्हणतात, फार वाईट झालं."

"देव त्यांचं भलं करो," मावशी म्हणाली. गुडघ्यांवरूनच आवाजाच्या दिशेने सरकली, खिशातून एक नासपती काढली आणि ओस्बेरच्या हातात कोंबली. "घ्या बाबा. लांबून आलात. याच्यासाठी जपून ठेवली होती, आता हा काय खाणार. अजून कडक आहे, चार दिवस गवतात ठेवा म्हणजे गोड होईल."

"काय बोलते ही?" त्याने मला विचारलं.

हे मात्र मी जसंच्या तसं सांगितलं, शब्दाला शब्द. वर लॅटिनमध्ये एवढंच म्हटलं की मेलेल्याला मूठमाती देणं हे दयेच्या कामांपैकी एक आहे, आणि आपण दीक्षा घेतलेले आहात, आपल्याला माझ्याहून जास्त ठाऊक असेल. माझ्या लॅटिनमध्ये त्याला एकही चूक सापडली नाही. त्याचा त्याला राग आला असावा. पण हातातली नासपती कुठे ठेवावी हेही त्याला कळेना. एका हातात यादी, दुसऱ्यात ती. शेवटी त्याने नाक पुसलं आणि शिपायाला म्हणाला, "राहू दे. पुरा." मग यादीवर रेघ मारली. "तीन बाजारांत दवंडी देतो. ऑर्डमर मेला. यापुढे कोणी मी ऑर्डमर म्हणून आला तर तो तोतया, आणि तुम्ही सगळे खोट्या शपथेचे गुन्हेगार. समजलं?"

"समजलं," मी म्हटलं.

नासपती तो बरोबर घेऊन गेला.

तुला चर्चच्या दक्षिणेच्या भिंतीशी पुरलं आहे. चांगली जागा आहे. ऊन येतं, पाणी चढत नाही. मीच निवडली.

*

सर्व संतांच्या दिवसानंतरचा मंगळवार

गाण्यात नवीन कडवं आलं आहे. ऑर्डमर दूर देशाच्या राजाचं सोनं लाथाडून परत आला, आपल्या लोकांना सोडवायला आला, आणि धुक्यात शंभर फ्रेंचांनी घेरून त्याला मारला. मावशी कोणाजवळ तरी तुझ्या पत्राचं बोलली असणार. पत्राच्या पाच ओळींचं इतकं झालं. लुडा ते म्हणताना रडतो. त्याच्या बापाच्या होडीचं काय झालं हे त्याला कोणी सांगितलेलं नाही, आणि आता कोणी सांगणारही नाही. ग्रिम टेबलावर डाव्या हाताने ठेका धरतो.

मावशी रोज थडग्यावर जाते. मी हाताला धरून नेते. ती तुझ्याशी बोलते: कोंबडी बसली, पाऊस नाही, वुल्फरूनचा खोकला. जाताना एक नासपती ठेवते. दुसऱ्या दिवशी ती नसते, कावळे नेतात. "खाल्ली गं त्याने," म्हणते. मी हो म्हणते. संतांच्या अस्थींवर खोटं बोलले त्याचं मला फारसं काही वाटत नाही. फ्रेंच आल्यापासूनच्या सोळा वर्षांत संतांनी हे पुष्कळ ऐकलंय. पण रोज सकाळी हे 'हो' म्हणताना मी तोंड फिरवते, तिला दिसत नसलं तरी.

ती तिथे बोलत असते तेव्हा मी त्या पुरलेल्या परक्यासाठी प्रार्थना करते. नाव माहीत नाही, म्हणून गळपट्टी आठवते. समुद्रापलीकडे कुठेतरी एक कमी दिसणारी बाई असेल. तिला वाटत असेल, लिहीत नाही म्हणजे विसरला. ती माझ्यासारखी रागावलेली असली तर बरं. राग टिकतो.

*

संत मार्टिनच्या आदल्या दिवशी

उद्या सकाळी लिनच्या बंदरातून एक फ्लेमिश व्यापारी निघतोय, कापड घेऊन, तुमच्या सम्राटाच्या त्या सोन्याच्या शहराला. ईस्टरपूर्वीच्या चाळीस दिवसांच्या उपासाआधी पोचेन म्हणतो. व्यापारी म्हणतात त्यात महिना मिळवायचा. तरी तू निघायच्या आत हे पोचायला हवं.

हे पत्र इथे कोणाच्या हाती लागलं तर माझं काय होईल ते तुला कळतंच. पण आपली भाषा वाचायला शिकावी असं त्यांच्या एकाही कारकुनाला अजून वाटलेलं नाही. त्यांच्या या आळसावर मी माझी मान ठेवली आहे. मावशी तुला मठाच्या फाटकाशी आणून सोडायची आणि मी छडी घेऊन अक्षरं गिरवून घ्यायचे, त्यामुळे हे तुला दुसऱ्याकडून वाचून घ्यायला लागणार नाही. वाचून झालं की जाळ.

चार दिवस मी विचार करत होते की मावशी वारली असं तुला लिहावं. म्हणजे तुला यायला कारणच उरलं नसतं. लिहिलंही होतं, मग चाकूने खरवडलं. वरच्या तुकड्यावर जिथे शाई पुसट दिसते ते तेच. ती जिवंत आहे. दारात तुझा आवाज ऐकला तर ओळखेल, ओरडेल, अख्ख्या गावाला गोळा करील. आणि तो तिचा आनंद आम्हाला सगळ्यांना फासावर नेईल. म्हणून येऊ नकोस.

तू विचारशील, माझ्यावर सूड घेतलास का. मी स्वतःला विचारलं. त्या होडीत पाच जागा रिकाम्या होत्या, त्या तू दिल्या नाहीस. तुझं थडगं मी एकाला देऊन टाकलं, आणि त्याने गाव वाचलं. याला सूड म्हणायचा असेल तर म्हण. मला वाटतं, अकरा वर्षांनी तू शेवटी त्यांना न्यायला आलास. उशीर झाला, आणि स्वतः आला नाहीस, पण आलास. ग्रिमला मी हे बोलून दाखवलं. त्यानंतर आज तो पहिल्यांदा माझ्या घरात बसला, मी दिलेली जवाची भाकर घेतली आणि डाव्या हाताने खाल्ली.

तिकडे लग्न कर. चाळिशीला आलास, पण कडं असलेल्या माणसाला कोणीतरी मिळतं. मुलगी झाली तर तिला अक्षरं शिकव, छडीशिवाय जमलं तर बघ. मला पुन्हा पत्र लिहू नकोस. मेलेल्या माणसाची पत्रं आली तर मी ती मावशीला कशी वाचून दाखवू?

राग अजून आहे. तरी आशीर्वाद देते, कातरणी संपत आल्या.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर राहिलं. हो, फळते. यंदा फांद्या टेकून आल्या होत्या. शेवटची एक मावशीने आज तुझ्यासाठी ठेवली. ती पुढे गेल्यावर मी वाकून ती उचलली, कावळ्यांच्या आधी, आणि परतीच्या वाटेवर खाल्ली. तिला सांगितलं तूच खाल्लीस.

अजून तुरट आहे.

वुल्फरून